जमीन गोठण्याआधीचे पाणी : थंड प्रदेशातील शोभेच्या झाडांसाठी सल्ला

थंडी संपताना स्प्रूस, यू किंवा बॉक्सवुड अशा सदाहरित झाडांची पाने तपकिरी दिसू लागली की बोल थंडीला लागतो. खरे कारण बहुधा तहान असते. सदाहरित झाडांची पाने हिवाळ्यातही बाष्प सोडत राहतात. स्वच्छ ऊन आणि बोचरा वारा असला की जास्तच. खाली जमीन गोठलेली, त्यामुळे मुळांना पाणी उचलता येत नाही. म्हणूनच उन्हाच्या आणि वाऱ्याच्या बाजूची पाने आधी करपतात, तर बर्फाखाली दबलेल्या फांद्या हिरव्या राहतात. एकदा करपलेले पान नंतर कितीही पाणी दिले तरी हिरवे होत नाही, तेव्हा जे करायचे ते जमीन गोठण्याआधी.

उन्हाळा सरताना पाणी थोडे कमी करावे, पण माती पूर्ण कोरडी पडू देऊ नये. या दिवसांत भरपूर पाणी आणि नत्र मिळाले तर कोवळी फूट येते आणि ती पक्की होण्याआधीच पहिल्या कडाक्यात मरते. पानगळीच्या झाडांची पाने गळली की पुन्हा खोलवर पाणी सुरू करावे, सदाहरितांनाही त्याच सुमारास, आणि जमीन गोठेपर्यंत ते चालू ठेवावे. पाने गळली म्हणजे झाड झोपले असे समजून नळी गुंडाळून ठेवली जाते, तिथेच चुकते. माती गोठेपर्यंत मुळांचे काम चालूच असते. शिवाय ओलसर माती ऊब धरून ठेवते, कोरड्या मातीत गारठा लवकर आणि खोल उतरतो. फांद्या जेवढी थंडी सोसतात तेवढी मुळे सोसत नाहीत.

पाणी किती? लावून दोन-तीन वर्षे झालेल्या झाडाला खोडाच्या व्यासाच्या दर सेंटीमीटरमागे सुमारे १५ लिटर, एका वेळी. जमिनीपासून १५ सेंमी उंचीवर खोडाला दोरी गुंडाळून घेर मोजावा आणि त्याला ३.१४ ने भागावे. घेर १६ सेंमी भरला तर व्यास ५ सेंमी, म्हणजे ७५ लिटर. नळीने देत असाल तर आधी २० लिटरची बादली किती वेळात भरते ते पाहा. चार मिनिटे लागली तर ७५ लिटरला १५ मिनिटे. पाणी वाहून जात असेल तर धार बारीक करून वेळ वाढवावा, किंवा तळाला बारीक छिद्र पाडलेल्या बादल्या आळ्यात ठेवाव्यात. पाऊस नसेल तर रेताड जमिनीत आठवड्याने आणि चिकणमातीत दहा ते चौदा दिवसांनी पाळी पुरते.

अन्न-पाणी घेणारी बहुतेक मुळे वरच्या ३० ते ४५ सेंमी थरात असतात, ओल तिथवर गेली पाहिजे. पाणी दिल्यावर दुसऱ्या दिवशी लोखंडी सळई खुपसावी. ओल्या मातीत ती सहज जाते, कोरडा थर लागला की अडते. नव्या झाडाचा मुळांभोवतीचा मातीचा गोळा मात्र वेगळा तपासावा. भोवतालची माती ओली असूनही तो आतून कोरडा राहू शकतो, म्हणून पहिल्या हंगामात पाणी थेट गोळ्यावर आणि त्याच्या कडेला द्यावे. जुन्या झाडाला ते फांद्यांच्या घेराखाली द्यावे, खोडाशी नाही. उलट, सळईला चिखल लागत असेल तर थांबावे. वाफशावर न येणाऱ्या, म्हणजे जादा पाणी न निथळणाऱ्या मातीत मुळांना हवा मिळत नाही आणि ती कुजतात.

हिवाळा कोरडा गेला तर अधूनमधून पाणी द्यावे लागते. १० सेंमी भुसभुशीत बर्फ वितळून जेमतेम १ सेंमी पाणी होते, म्हणजे चौरस मीटरला १० लिटर, तेव्हा पांढरी जमीन पाहून निर्धास्त राहू नये. महिन्यातून एक-दोनदा, तापमान ५ अंश सेल्सिअसच्या वर असेल, माती गोठलेली नसेल आणि बर्फ नसेल अशा दिवशी दुपारच्या सुमारास पाणी द्यावे, म्हणजे रात्रीच्या गोठणीआधी ते मुरते. आळ्यात साचलेले पाणी खोडाभोवती गोठले तर साल दुखावते. बर्च, मॅपल आणि स्प्रूस यांची मुळे उथळ, त्यांच्याकडे आधी लक्ष द्यावे.

शेवटच्या पाण्यानंतर लाकडाच्या चिपांचे ५ ते १० सेंमी जाड आच्छादन पसरावे, पण खोडाभोवती १० सेंमी जागा मोकळी ठेवावी. सालीला टेकलेल्या आच्छादनात उंदीर घर करतात. प्रत्येक पाळीनंतर नळी तोटीपासून सोडवून रिकामी करावी. ठिबकच्या नळ्यांतले पाणी हिवाळ्याआधीच काढून टाकावे, नाहीतर जोड फुटतात.

कुंडीतल्या झाडाच्या मुळांना चहूबाजूंनी थंडी लागते, म्हणून कुंड्या वाऱ्याच्या आडोशाला एकत्र ठेवून माती गोठलेली नसेल तेव्हा ओल पाहावी. रस्त्याकडेच्या झाडांच्या मुळाशी बर्फ वितळवण्यासाठी टाकलेले मीठ साठते. जमीन मोकळी होताच, निचरा चांगला असेल तर, चौरस मीटरला ५० लिटर पाणी सावकाश सोडून ते खाली धुऊन काढावे आणि तीन-चार दिवसांनी पुन्हा तसेच करावे.