हिरडीतून रक्त आलं म्हणून ब्रश थांबवू नका

रात्री सराफ्यात, म्हणजे इंदूरच्या रात्रीच्या खाऊबाजारात, गराडू (तळलेला कंद)-जलेबी खाऊन आलात की नुसती चूळ भरून झोपू नका, इंदूरकरांना हे कळकळीने सांगावंसं वाटतं. हिरडीलगत नखाने खरवडलं तर पांढुरका लगदा निघतो, तो जिवाणूंचा थर. पाण्याने सुटत नाही, घासूनच निघतो. राहिला तर लाळेतल्या कॅल्शियमने काही दिवसांत कडक होतो आणि मग दंतवैद्यालाच काढावा लागतो. हिरडीखाली, जिथे प्राणवायू जेमतेम पोचतो, तिथे पॉर्फिरोमोनास जिंजिवॅलिससारखे जिवाणू वाढतात. त्यांच्याशी शरीर झुंजताना आलेल्या सुजेनेच दाताभोवतालचं हाड झिजतं.

मऊ ब्रश 45 अंशांत तिरका धरा, केस दात आणि हिरडीच्या सांध्यावर टेकवा, जागच्या जागी हलकेच हलवा. एकूण 2 मिनिटं, दिवसातून 2 वेळा. दातांमधल्या फटींत रोज एकदा फ्लॉस, म्हणजे दात साफ करायचा बारीक दोरा.

रक्त दिसलं की माणूस नेमकी तीच जागा टाळतो, मग थर तिथेच साचतो. नीट साफ केलंत तर सुरुवातीची सूज बहुधा 1-2 आठवड्यांत उतरते. नाही उतरली, किंवा दात हलू लागला, तर तपासून घ्या. सिगारेट ओढणाऱ्यांनी रक्ताची वाट पाहू नये. त्यांच्या हिरड्यांतून ते कमी येतं आणि आजार लपून राहतो.