हॅरी बेलाफॉन्टेवर वस्तीत तासाभराचा कार्यक्रम करायचा तर

मी नाशिकमधल्या उपनगर भागात राहते. वस्तीतल्या वाचनालयात दर एप्रिलला आम्ही एक संध्याकाळ ठेवतो, एकाच गायकाची. तीन वर्षं अमेरिकेतला कृष्णवर्णीय गायक बेलाफॉन्टेच घेतला. पहिल्या वर्षी पार फसला, दुसऱ्या वर्षी बरा झाला, तिसऱ्या वर्षी लोक उठेचनात. कुणाला करायचा असेल तर आधी माझ्या चुका ऐका.

तारीख १४ एप्रिलच्या आसपासची घ्या, पण १३-१४ टाळा. मिरवणूक आणि डीजेपुढे तुमचा स्पीकर म्हणजे पिपाणी. लग्नाची दाट तिथीही टाळा. गाणी आदल्या रात्री पेन ड्राइव्हवर घेऊन ठेवा. मी नेटवर विसंबले आणि ऐन रंगात बनियनची जाहिरात लागली. हॉल हसला तो हसला, पुन्हा जागेवर यायला दहा मिनिटं गेली. खुर्च्यांपेक्षा सतरंजी बरी. मागे बसलेल्यांना उठून जायची लाज वाटते.

आता मुख्य गोष्ट. पहिल्या वर्षी मी चाळीस स्लाइड केल्या होत्या, त्यातल्या बारा नुसत्या पुरस्कारांच्या. पाचव्या स्लाइडला एक आजी म्हणाल्या, "बाई, ह्याला बक्षिसं लई मिळाली, कळलं. पण पैसे मिळाले का? अन् मिळाले तर केलं काय त्याचं?" तेव्हा राग आला होता. दुसऱ्या वर्षी अख्खा कार्यक्रम त्याच प्रश्नावर बांधला. फळ्यावर मधोमध रेघ ओढायची, डावीकडे जमा, उजवीकडे खर्च. पुरस्कार एका वाक्यात उरकायचे: नाटकासाठी १९५४ साली टोनी, टीव्हीवरच्या कार्यक्रमासाठी १९६० साली एमी, आणि एमी मिळवणारा तो पहिला कृष्णवर्णीय अमेरिकन. झालं.

सुरुवात नावाने करू नका, केळीच्या गाण्याने करा, 'डे-ओ'ने. १९५६ च्या 'कॅलिप्सो' या तबकडीतलं ते पहिलंच गाणं. जमैकाच्या धक्क्यावर रात्रभर बोटीत केळी भरणारे मजूर गातायत. उजाडलं, आता घरी जायचंय, पण घड मोजणारा आल्याशिवाय सुटका नाही. इंग्रजीत त्याला 'टॅलीमॅन' म्हणतात, तो शब्द समजावताना मी पहिल्या वर्षी 'गणना करणारा अधिकारी' असं काहीतरी म्हटलं. माझंच मला हसू येतं. माझे वडील लासलगावच्या बाजारात हमाल होते. गाडी भरून झाली, पाठ मोडली, तरी जो नोंद घेईपर्यंत हलता येत नाही तो कोण, हे मला कुणी सांगायला हवं होतं का? मापारी! दुसऱ्या वर्षी एवढा एक शब्द बदलला आणि पुढच्या रांगेतले तीन म्हातारे एकदम सरसावून बसले.

गाण्यात एकजण हाळी देतो, बाकीचे उत्तर देतात. ते समजावत बसू नका. जलसा पाहिलेला एखादा माणूस वस्तीत असतोच, त्याला म्हणावं झील धरा. दुसऱ्यांदा लावलं की हॉलच झील धरतो. शब्द चुकतात, चुकू द्या.

मग आयुष्य, दहा मिनिटांत. जन्म १ मार्च १९२७, न्यूयॉर्कच्या हार्लेममध्ये. इथे फळ्यावर शेजारी '२० मार्च १९२७, महाड' एवढंच लिहा. हे पोर एकोणीस दिवसांचं होतं तेव्हा इकडे चवदार तळ्याचं पाणी ओंजळीत घेतलं गेलं. आणि २ मार्च १९३० ला काळारामाच्या दारात सत्याग्रह सुरू झाला, त्याच्या आदल्या दिवशी त्याला तीन वर्षं पूर्ण झाली होती. लिहायचं आणि पुढे जायचं. वर्ण आणि जात सारखीच की वेगळी, यावर भाषण देऊ नका. मी दिलं होतं, वीस मिनिटं. पंचवटीतून आलेले पाहुणे चहा न घेता गेले.

आई जमैकाची, लोकांच्या घरी कामाला. लहानपणीची काही वर्षं तोही जमैकात वाढला. महायुद्धात नौदलात गेला, परतल्यावर इमारतीतली पडेल ती दुरुस्तीची कामं करू लागला. एका बिऱ्हाडात काम केलं, तर बक्षिशी म्हणून नाटकाची तिकिटं मिळाली. तिथून वेड लागलं. दोस्त सिडनी पॉइतिए, पुढे गाजलेला नट, तेव्हा तोही तसाच कडका. दोघांत एक तिकीट काढायचे. अर्धं नाटक एकाने बघायचं, मध्यंतरात बाहेर येऊन दुसऱ्याला कथा सांगायची, मग उरलेलं दुसऱ्याने बघायचं. या किश्श्याला हशा हमखास. त्यानंतर लगेच चहा ठेवा.

चहानंतर एक गंमत करा. १९५४ च्या 'कार्मेन जोन्स' सिनेमातलं त्याचं गाणं लावा आणि विचारा, आवाज ओळखीचा वाटतो का? नाहीच वाटणार, कारण तो त्याचा नाही. निर्मात्यांना ऑपेराच्या धाटणीचा गळा हवा होता, म्हणून लेव्हर्न हचरसनचा आवाज घातला. नायिका डोरोथी डँड्रिज, तिचाही आवाज दुसरीचाच. पडद्यावर गायक आणि गळा उसना! दोनच वर्षांनी 'कॅलिप्सो' अमेरिकेतल्या तबकड्यांच्या यादीत एकतीस आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिली. हे जमेच्या बाजूला मोठ्या अक्षरात लिहा.

आता खर्च. इथे घाई करू नका, निम्मा कार्यक्रम इथेच आहे. १९५६ मध्ये त्याची मार्टिन ल्यूथर किंगशी भेट झाली. हा एकोणतीस, किंग सत्तावीस. बसमधल्या वर्णभेदाविरुद्धचा माँटगोमेरीचा बसबहिष्कार तेव्हा चालू होता. पुढे किंगचं कुटुंब उघड्यावर पडू नये म्हणून याने किंगच्या नावाचा विमा चालू ठेवला. १९६३ ला अलाबामातल्या बर्मिंगहॅममध्ये वर्णभेदाविरुद्धच्या आंदोलनात तुरुंगात गेलेल्यांसाठी जामिनाचे पैसे उभे केले. आणि १९६४ चा ऑगस्ट. मिसिसिपीत कृष्णवर्णीयांची नावं मतदारयादीत घालायला विद्यार्थी गेले होते. त्या मोहिमेतल्या तिघांचे खून झालेले, संघटनेची तिजोरी रिकामी. याने सत्तर हजार डॉलर जमवले, सगळे रोख. बँकेतून पाठवणं शक्यच नव्हतं. तिकडे कुणाच्या हातात पडतील याचा भरवसा काय? डॉक्टरकडे असते तशा बॅगेत नोटा भरून तो आणि पॉइतिए विमानाने गेले. रात्री ग्रीनवूडच्या रस्त्यावर कू क्लक्स क्लॅन या गोऱ्या वर्णद्वेषी टोळीच्या गाड्या मागे लागल्या. कार्यकर्त्यांनी आपल्या मोटारी मध्ये घालून यांना वाचवलं, बॅग पोचली.

हे सांगताना मी एक जुनी चामडी बॅग हातात धरते. माझ्या मामांची, कंपाउंडर होते ते. तिचं कुलूप बंद करताना टक् आवाज होतो. तेवढा पुरतो.

वेळ असेल तर पॉल रोबसन घ्या. बेलाफॉन्टेचा गुरू, तोही गायक आणि नट. त्याच्या राजकीय मतांमुळे सरकारने १९५० ला त्याचा पासपोर्टच काढून घेतला, तो १९५८ पर्यंत परत दिला नाही. बेलाफॉन्टे हे जवळून बघत होता आणि तरीही खर्चाची बाजू भरत गेला. वेळ नसेल तर रोबसन गाळा, पण १९६८ गाळू नका. टीव्हीच्या एका कार्यक्रमात पेटुला क्लार्क या गोऱ्या गायिकेने गाता गाता त्याच्या दंडाला हात लावला. प्रायोजक कंपनीच्या माणसाने हरकत घेतली. तिने दुसरं चित्रण वापरू दिलं नाही, स्पर्श तसाच दाखवला गेला. आमच्याकडे एका मुलीने विचारलं, "हातच लावला ना?" तिच्या आजीने फळ्यावरच्या काळारामाच्या तारखेकडे बोट दाखवलं. मी खडू खाली ठेवला.

शेवटी सिन्नरजवळच्या देशवंडीचे, आंबेडकरी चळवळीचे लोककवी वामनदादा कर्डक. त्यांचं एक गाणं स्थानिक गायकाकडून, पेटी-ढोलकीवर म्हणून घ्या. तबकडी नको. मानधनाचं पाकीट आधीच तयार ठेवा, त्यावरून नंतर घुटमळणं बरं दिसत नाही.

आणि प्रश्नांना पाच मिनिटं राखा. यंदा वडिलांचे एक जुने सोबती लासलगावहून आले होते. सतरंजी गुंडाळताना म्हणाले, "पोरी, त्या मापाऱ्यानं मग मोजले का घड?" मला सांगता येईना. रात्री घरी जाऊन गाणं पुन्हा नीट ऐकलं. मजूर हाका मारतायत, मापारी शेवटपर्यंत बोलत नाही.