जोड कोण लावतं ते बघा: 'अन्रिअल टूर्नामेंट'चा खरा मालक शोधायची रीत

मी पतसंस्थांचं लेखापरीक्षण करते. गेम खेळणाऱ्यांतली मी नव्हे. २००१ मध्ये धाकट्या भावाने 'अन्रिअल टूर्नामेंट'ची सीडी घरी आणली, तेव्हा माझा डाव अर्ध्या मिनिटात आटपायचा आणि तो म्हणायचा, "ताई, तू नुसतं वाचत बस." मग मी वाचत बसले. दर सामन्याआधी पडद्यावर चार-पाच ओळींचा मजकूर येतो. भाऊ एंटर दाबून तो उडवायचा आणि मी त्याचा हात धरायचे. त्या ओळी एका वहीत उतरवत गेले, तेव्हा दिसलं की हा गोळीबाराचा खेळ म्हणजे एका कंपनीचा बऱ्यापैकी उघडा ताळेबंद आहे.

खेळाच्या कथेतला हा रक्तखेळ नेमका चालवतं कोण, असं विचारलं की लोक 'लियांड्री' म्हणजे कथेतल्या खाण कंपनीचं नाव घेतात आणि पुढे जातात. उत्तर चूक नाही, पण नुसत्या नावावर आम्ही सही करत नाही. ते स्वतः तपासायचं असेल तर मी केलं तसं करा.

आधी खेळ मिळवा. मूळ खेळ १९९९ च्या नोव्हेंबरातला, एपिक गेम्स आणि डिजिटल एक्स्ट्रीम्स यांनी मिळून केलेला. एपिकने २०२२ च्या डिसेंबरात तो ऑनलाइन दुकानांतून काढला. नंतर 'ओल्डअन्रिअल' नावाच्या हौशी मंडळींना तो वाटायची परवानगी मिळाली, त्यामुळे आज तो मोफत आणि रीतसर मिळतो. कुठल्याही जुन्या लॅपटॉपवर चालतो. जुनी सीडी सापडली तर उत्तमच.

सुरू केल्यावर इंट्रोला, म्हणजे सुरुवातीच्या निवेदनाला, हात लावू नका. सगळी कीर्द तिथेच आहे. वहीत तीन रकाने आखा: सरकार, कंपनी, खाण कामगार. आता ऐकत जा आणि कुणाचं नाव आलं की खूण करा. २२९१ साली खोल अंतराळातल्या खाण कामगारांमधली हाणामारी आटोक्यात आणायला न्यू अर्थ गव्हर्नमेंटने बेबंद मारामारी कायदेशीर केली. इथे सरकारला एक खूण आणि कामगारांना एक. मग लियांड्री मायनिंग कॉर्पोरेशनने सरकारच्या जोडीने लीग आणि जाहीर सामने उभे केले. जितकी क्रूर लढत तितकी गर्दी. पुढे कंपनीच्या ध्यानात आलं की आपल्या सगळ्या धंद्यांत जास्त नफा याच सामन्यांत आहे. मग व्यावसायिक लीग आली. आता साल २३४१ आहे, पन्नास वर्षं उलटलीत आणि टूर्नामेंटचा नफा शेकडो अब्जांत मोजला जातोय.

आता खुणा मोजा. सरकार सुरुवातीच्या दोन वाक्यांत येतं आणि नंतर दिसत नाही. कामगार पहिल्याच वाक्यात येतात आणि तिथेच राहतात. नफ्याच्या ओळीत एकटी कंपनी. या कंपनीच्या नावातच 'मायनिंग' आहे, तेव्हा ज्यांची मारामारी आटोक्यात आणायची होती ते मजूर कुणाचे असावेत? इंट्रोत ते सांगितलेलं नाही, हा माझा तर्क आहे. पण माझ्या कामात असं दिसलं की आम्ही पेन्सिलने गोल करतो. मालकाच्या दारातलं भांडण सरकारने कायद्यात बसवलं आणि मालकाने त्याचीच तिकिटं लावली.

इंट्रोच्या शेवटी एक वाक्य आहे, ते बहुतेकांच्या कानावरून जातं. तुम्हाला व्यावसायिक लीगमध्ये निवडलं कुणी? लियांड्री रूल्स बोर्डाने. आमच्याकडे जत्रेतल्या कुस्तीच्या फडात ज्याने आयुष्य काढलंय त्याला याचा अर्थ लगेच कळेल. पैलवान कितीही तगडा असो, त्याच्यासमोर कोण उभा राहणार हे कमिटी ठरवते. जोड लावणाऱ्याच्या हातात मैदान असतं, इनामही बऱ्याचदा त्याच्याच हातून जातं. इथे नियम करणारं मंडळ, खेळाडू निवडणारं मंडळ आणि गल्ला मोजणारी कंपनी एकाच नावाची आहे. लेखापरीक्षणात याला 'संबंधित पक्षांचे व्यवहार' म्हणतात आणि त्यांची यादी वेगळी जोडावी लागते.

तीच यादी आता करायची आहे. एकट्याची टूर्नामेंट सुरू करा. डेथमॅच, डॉमिनेशन, कॅप्चर द फ्लॅग, असॉल्ट अशा सामन्यांच्या प्रकारांच्या शिड्या दिसतील. त्या सगळ्या चढल्यावर चॅलेंजची शेवटची शिडी उघडते. प्रत्येक मॅपचं, म्हणजे सामन्याच्या मैदानाचं, वर्णन पूर्ण उमटू द्या. त्यातून दोनच गोष्टी टिपायच्या: ही जागा आधी काय होती, आणि ती कंपनीकडे आली कशी.

सुरुवात स्टॉलवॉर्टपासून करा. ते एक जुनं मेकॅनिकचं गॅरेज. कंपनी बाल्यावस्थेत असताना जेर्ल लियांड्री यांनी ते कर जिरवायची जागा म्हणून घेऊन ठेवलं, पुढे त्याचा आखाडा झाला. हे वाचून मी एवढ्या मोठ्याने हसले की भावाचा नेम चुकला. कर वाचवायला घेतलेली मालमत्ता पुढे उत्पन्न द्यायला लागली, अशी नोंद मी खऱ्या वह्यांत किती वेळा पाहिली असेन! फक्त तिथे रॉकेट लाँचर नव्हते.

टर्बाइन घ्या. मोडकळीला आलेला पाणीशुद्धीकरणाचा कारखाना, टूर्नामेंटसाठी विकत घेतलेला. कोडेक्स मला सगळ्यांत जास्त लागला. दुर्मिळ पुस्तकं मूळ छापील रूपात जिथे बघायला मिळतील असं आकाशगंगेतलं ते शेवटचं ठिकाण होणार होतं. बांधकाम करणाऱ्यांचा घाव चुकून लाव्ह्याच्या प्रवाहावर बसला, प्रकल्प बारगळला आणि लियांड्रीने ती जागा पडत्या भावात उचलली. लोकांचा तोटा झाला की कंपनीकडे एक आखाडा वाढतो, हे असं सतत चालतं. वहीत 'खरेदीचं कारण' असा रकाना ठेवलात तर तो तुमच्या हाताने आपोआप भरेल.

असॉल्टमधला ओशनफ्लोअर जरा सावकाश वाचा. जगभरच्या विद्यापीठांनी समुद्राच्या तळाशी संशोधनासाठी उभारलेलं केंद्र. पैसे संपत आले तेव्हा लियांड्री धावून आली, आणि अध्यक्ष जेर्ल लियांड्री यांनी मुलांच्या शिक्षणाची काळजी घेतली नाही तर जगाचं काय होईल, अशा अर्थाचं काही तरी सुनावलं. आता त्या केंद्रात माणसं एकमेकांना टिपतात. मदतीची पावती फाडून बदल्यात जागा ताब्यात घ्यायची ही पद्धत ओळखीची वाटली तर तो तुमचा दोष नाही.

ओव्हरलॉर्डमध्ये तर दुसऱ्या महायुद्धातला नॉर्मंडीचा किनाराच पुन्हा उभा केलाय. कारण काय, तर चढाई करणाऱ्यांच्या वाट्याला तिथे भयंकर विषम लढाई येते आणि ती बघायला बरी. हायस्पीडमध्ये धावती रेल्वे आहे, लढता लढता खाली पडायचीही सोय. यांच्यावर वेळ घालवू नका, हा जाहिरातखर्च.

प्रेशर मात्र सोडू नका. तिथल्या मजकुरात म्हटलंय की सापळे प्रेक्षकांना फार आवडतात आणि लियांड्रीच्या अनेक खाणकामाच्या ठिकाणी असे 'इंटरॅक्टिव्ह' धोके हजर आहेत. मॅपमध्ये एक दाबाची खोली आहे. आत असलेल्यावर बाहेरच्याने बटण दाबलं की तो फुटतो. हे यंत्र टूर्नामेंटसाठी मुद्दाम बनवलेलं नाही, ते त्या कारखान्यातलंच वाटतं. म्हणजे प्रेक्षक यायच्या आधी त्या खोलीपाशी कामाला कोण होतं? माझ्या वहीत पहिल्या वाक्यातले कामगार दुसऱ्यांदा इथे दिसले, तेही नाव न घेता.

आता विजेत्याकडे या. टूर्नामेंटचा राजा झॅन क्रीगॉर. नवखा माणूस समजतो की हाच सगळ्यांच्या वर असणार, कारण तो सगळ्यांत शेवटी भेटतो. त्याचीही मालमत्ता तपासा. टेम्पेस्ट हा पुन्हा उभारलेल्या न्यूयॉर्कच्या डोक्यावरचा आखाडा, खास टूर्नामेंटसाठी बांधलेला आणि झॅनच्या खाजगी सरावाचा. रुक हा रोमानियाच्या डोंगरातला जुना किल्ला, तो झॅनने प्रतिस्पर्ध्यांना घासूनपुसून घ्यायला विकत घेतलाय. किल्ला विकत घेणारा लढवय्या! ज्याचं सगळं उत्पन्न एकाच कंपनीच्या सामन्यांतून येतं, तो किल्ला कुणाच्या जिवावर घेतो आणि त्यात कुणासाठी नवे गडी तयार करतो? भाऊ म्हणायचा, "ताई, तो बॉस आहे." मी म्हणायचे, तो ब्रँच मॅनेजर आहे. आमचं यावर अजून जमलेलं नाही.

पुढचे भाग खेळणार असाल तर पद्धत तीच, फक्त नजर हलवा. २००४ च्या भागात तुम्ही संघाचे कर्णधार असता. गडी पैसे देऊन घ्यायचे, त्यांचा पगार द्यायचा, जखमी झाले तर उपचाराचं बिलही तुमच्याच पैशातून. सामन्यावर पैजाही लावता येतात. इथे गोळ्या मारण्याआधी दोन-तीन सामने फक्त खर्चाची बाजू लिहून काढा. धोका कंपनीने हळूच कर्णधाराच्या गळ्यात टाकलाय हे कळेल. कंत्राटदार नेमून मालक हात झटकतो, तसलाच प्रकार.

२००७ च्या तिसऱ्या भागात आखाडा संपून कंपन्यांचं युद्ध सुरू झालेलं असतं. ही कथा मला जरा ढिली वाटते, संवाद तर फारच. पण दोन नोंदी कामाच्या आहेत. एक, टूर्नामेंटमधला नावाजलेला मॅल्कम आता इझानागी कॉर्पोरेशनच्या बाजूने भाडोत्री सैन्य चालवतो. दोन, मेलेला सैनिक पुन्हा उभा करणारं यंत्र, रिस्पॉनर, इथे युद्धाच्या केंद्रस्थानी आहे आणि 'कॅप्चर द फ्लॅग'मधला झेंडासुद्धा त्याच कामाचा यांत्रिक भाग ठरतो. पहिल्या भागात मेलेला गडी पुढच्या क्षणी कसा उठतो याचा मी हिशेब लावू शकले नव्हते. यंत्र ज्याचं, त्याच्या परवानगीशिवाय इथे कुणाला धड मरताही येत नाही.

एक सूचना. असॉल्टचे मॅप वाचताना भावंडाला माऊस देऊ नका. ओशनफ्लोअरचा मजकूर मला तीन वेळा पहिल्यापासून सुरू करावा लागला होता. आणि वही जुनी वापरलीत तरी चालेल, माझी एका बुडालेल्या पतसंस्थेची उरलेली कोरी पानं होती. 'खाण कामगार' रकान्यात इंट्रोची एक खूण आहे, प्रेशरसमोर प्रश्नचिन्ह आहे, आणि त्याखाली भावाने पेनाने काढलेला रॉकेट लाँचर.