ज्वालामुखीवरचं फूल मनाने बनवायचंय? आधी मुळाचं बघा

गोष्टीसाठी, गेमसाठी, नाहीतर नुसतं स्केचबुकात काढायला म्हणून बरेच जण ज्वालामुखीवरचं फूल बनवतात आणि सगळ्यांचं एकच, लाव्हाच्या मधोमध लालभडक फूल, पाकळ्यांतून ज्वाळा. दिसायला भारी दिसतं हो, पण बेसॉल्टचा लाव्हा ११००-१२०० अंशांचा असतो, तिथे पेशीतलं पाणीच राहणार नाही तर झाड कुठलं. जादू दाखवायची असेल तर प्रश्नच मिटला, खुशाल काढा. पण खरंच उगवेलसं वाटणारं झाड हवं असेल तर आकडा खाली आणा, मी म्हणेन मुळाशी ६०-६५ अंश, बस.

हा आकडा हवेतून नाही काढला. अमेरिकेत यलोस्टोनला ज्वालामुखीने तापलेल्या जमिनीवर डायकॅन्थेलियम नावाचं एक साधंसं गवत उगवतं. ते एकटं वाढवलं तर ३८ अंशांच्या वर टिकत नाही. त्याच्या आत कर्व्ह्युलेरिया नावाची बुरशी राहते, ती पण एकटी ३८ च्या पुढे जात नाही. पण दोघं मिळून मुळाशी रोज १० तास ६५ अंश सोसतात! आणि खरी गंमत पुढे आहे, त्या बुरशीच्या आत एक व्हायरस असतो, तो काढून टाकला की सगळा कारभार बंद, गवत मरतं. २००७ साली हे छापून आलं. तर तुमच्या झाडाला ‘जाड साल’ वगैरे देण्यापेक्षा असा एक भाडेकरू द्या, गोष्टीत पण कामाला येतो, कारण भाडेकरू गेला की झाड गेलं.

आता उष्णता येते कुठून ते डोक्यात पक्कं करा. वाळवंटात ती वरून येते, इथे खालून. म्हणजे मूळ भाजतंय आणि फूटभर वर हवा बऱ्यापैकी गार, त्यामुळे मुळं खोल नेऊ नका, उथळ आणि आडवी पसरवा. न्यूझीलंडमध्ये टाउपोच्या ज्वालामुखी भागात कानुका नावाच्या झाडाची एक जात आहे, ती जास्त गरम मातीत जमिनीलगत लोळते आणि जरा गार जागी झुडपासारखी उभी राहते. हे सरळ उचला. वाफेच्या भोकाजवळ झाड लोळतं काढायचं आणि लांब जाल तसं उंच, एका चित्रात सगळं कळतं, खाली लिहायची गरज नाही.

एक सापळा सांगून ठेवते. हवाईचं सिल्व्हरस्वॉर्ड बघून लोक चंदेरी लव असलेली पानं काढतात. ते झाड ज्वालामुखीवरच आहे, खरं, पण हालेआकाला नावाच्या ज्वालामुखीच्या उंचीवर, ३००० मीटरच्या आसपास, तिथे त्याला तळपत्या उन्हाशी आणि रात्रीच्या थंडीशी झगडायचं असतं, गरम जमिनीशी नाही. हवाईचंच काही घ्यायचं तर ओहिआ लेहुआकडून घ्या, विषारी वायू आला की हे झाड पानांवरची रंध्रं, म्हणजे हवा आत-बाहेर करणारी बारीक छिद्रं, मिटून घेतं, श्वास रोखल्यासारखं. (आपला सह्याद्री पण लाव्हाचाच, पण तो साधारण ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा, कधीच गार झालाय, त्यामुळे कासची फुलं इथे मॉडेल म्हणून चालणार नाहीत.)

फुलाकडे या आता. उष्णतेत सगळ्यात आधी बिघडतो तो पराग, उन्हाळ्यात टोमॅटोची फूलगळ बघितली असेल त्यांना वेगळं सांगायला नको. म्हणून फूल जमिनीपासून वर, लांब दांड्यावर ठेवा. किंवा त्याहून भारी, सीझनच उलटा करा. यलोस्टोनमध्येच रॉस बेंटग्रास म्हणून एक गवत आहे, ते जगात फक्त तिथल्या गरम जागांवर सापडतं. आजूबाजूला बर्फ असताना जानेवारीच्या सुमारास ते उगवतं, फेब्रुवारी-मार्चमध्येच त्याला फुलं दिसू शकतात, बी मात्र मे-जूनमध्ये धरतं, आणि उन्हाळ्यात माती आणखी तापून सुकली की संपतं. म्हणजे या झाडाचा सुगीचा काळ हिवाळा, आणि जीव घेतो तो साधा उन्हाळा, ज्वालामुखी नाही. मला तर पेटत्या पाकळ्यांपेक्षा बर्फातला तो एक हिरवा तुकडाच जास्त आवडतो.

पण मग हिवाळ्यात परागीभवन कोण करणार? मधमाशी विसरा. गरम झऱ्यांच्या काठावर बॅक्टेरियांचे केशरी थर असतात, त्यावर बारीक माश्यांचे थवे बसलेले असतात, भर हिवाळ्यात सुद्धा, त्यांना कामाला लावा. माशीसाठी फूल म्हटलं की लालभडक रंगाची गरजच संपली, मळकट जांभळा किंवा तपकिरी द्या, आणि वास सडक्या अंड्यासारखा, गंधकाच्या वाफांमध्ये तो तसाही खपून जातो.

राहिलं बी. गरम जागा कायमच्या नसतात, एक भोक बंद पडतं, दुसरीकडे जमीन तापते आणि असे तुकडे एकमेकांपासून लांब असतात. तेव्हा बी हलकं, वाऱ्यावर जाणारं ठेवा, आणि वरचं कवच असं की थंडीत जमीन ओली आणि कोमट झाली तरच फुटेल, भर उन्हाळ्यात पडलं तर गुपचूप पडून राहील.