शेतात विजेचा शॉक लागून जखमी झालात तर भरपाई कशी मागायची

जळगाव जिल्ह्याच्या रावेर-यावल पट्ट्यात मे-जूनचं वादळ आलं की केळी आडवी होते अन् तिच्यासोबत ताराही. रात्रीची थ्री फेज आली म्हणून कोणीतरी मोटार चालू करायला निघतो आणि बांधावरच्या तारेवर पाय पडतो. जीव वाचला तरी हात किंवा पाय जातो, आणि घरचे म्हणतात जाऊ दे ना भो, वीज कंपनीशी कोण भांडेल. भांडता येतं, आणि कायदा वाटतो त्यापेक्षा आपल्या बाजूने आहे.

लोक अडतात ते "कंपनीची चूक आपण सिद्ध कशी करणार" इथे. तर शैल कुमारी केस लक्षात ठेवा, सुप्रीम कोर्ट, 2002, समोर मध्य प्रदेशचं वीज मंडळ. रात्री सायकलवर घरी चाललेला माणूस, पाऊस, रस्त्यावर पाण्यात पडलेली जिवंत तार. मंडळ म्हणालं ती तार कोणीतरी वीजचोरीसाठी टाकलेली होती, आमचा काय दोष. कोर्ट म्हणालं इतकी घातक वस्तू तुम्ही चालवता, तर तिच्यामुळे झालेल्या इजेची जबाबदारी तुमची, मग काळजी घेतली असो की नसो. म्हणजे आपल्याला दाखवायचं एवढंच की वीज त्यांच्या लाइनची होती आणि इजा तिच्यामुळेच झाली.

पण हे दाखवणारा पुरावा दोन दिवसांत गायब होतो, कारण वायरमन येऊन तार जोडून जातो. म्हणून 108 ला फोन झाला की घरातल्या एकाने जागेवरच थांबायचं, तारेपासून लांब राहून फोटो-व्हिडिओ काढायचे, त्यात पोलचा किंवा डीपीचा (ट्रान्सफॉर्मरचा) नंबर दिसला पाहिजे. 1912 या वीज तक्रारीच्या नंबरवर तक्रार टाका आणि तक्रार नंबरचा मेसेज डिलीट करू नका. तार आधीपासून लोंबकळत होती अन् तुम्ही कंपनीच्या सेक्शन ऑफिसला अर्ज दिलेला असेल तर त्याची पोच शोधून काढा, ती सोन्यासारखी आहे. दवाखान्यात एमएलसी, म्हणजे पोलिसांना कळवायची अपघाताची नोंद, करायला सांगा आणि केसपेपरवर "विजेचा धक्का" हे शब्द आलेत का ते वाचून बघा, नुसतं "भाजले" लिहिलेलं असलं तर पुढे कंपनीचा वकील त्यावरच खेळतो. पोलिसांकडून पंचनामा करून घ्या, निष्काळजीपणाने गंभीर दुखापत झाली तर भारतीय न्याय संहितेचं कलम 125 लागतं.

आता सगळ्यात महत्त्वाचा कागद, जो बहुतेक लोक मागतच नाहीत, तो म्हणजे वीज निरीक्षकाचा रिपोर्ट. हा कंपनीचा माणूस नाही, सरकारचा आहे. 2003 च्या वीज कायद्याच्या कलम 161 खाली अपघाताची खबर त्याला द्यावीच लागते, लेखी रिपोर्ट 48 तासांत. कंपनी देईल म्हणून बसू नका, आपणही अर्ज देऊन पोच घ्या. तार किती उंचीवर होती, फ्यूज उडाला का नाही, दोष मीटरच्या अलीकडे की पलीकडे, हे तोच ठरवतो. मीटरनंतरची वायरिंग आपली असते, तिथला शॉक कंपनीच्या गळ्यात मारणं अवघड. रिपोर्ट देत नसतील तर 10 रुपयांचा माहिती अधिकाराचा अर्ज.

एक खरं सांगतो, वायरमन येत नाही म्हणून स्वतः डीपीवर चढलात किंवा झिरो वायरमनला (कंपनीत नसलेल्या गावातल्या खासगी माणसाला) चढवलं आणि शॉक बसला तर केस कमजोर होते. तरी वायरमनने फोनवर "लाइन बंद केली, चढ" सांगितलं असेल तर कॉल रेकॉर्ड जपा.

कंपनीकडून तातडीची मदत मिळाली तर घ्या, पण "पुढे काही मागणार नाही" असं लिहिलेल्या कागदावर सही करू नका. उपचार पुरते झाल्यावर सिव्हिल म्हणजे जिल्हा सरकारी दवाखान्यातून अपंगत्वाचं सर्टिफिकेट काढा, घाई नको, कारण शॉकनंतर महिन्यांनी मोतीबिंदूही होऊ शकतो. मागणीत नुसती दवाखान्याची बिलं नाही तर बुडालेली मजुरी, पुढचं बुडणारं उत्पन्न, पुढचा उपचार, सांभाळणाऱ्याचा खर्च, वेदना, सगळं धरा. केळीचे घड कापणाऱ्याचा उजवा हात गेला तर सर्टिफिकेटवरचा टक्का काहीही असो, कमाईचं नुकसान त्याहून मोठं असू शकतं, हे वकिलाला ठासून मांडायला सांगा.

जायचं कुठे? ज्याच्या घरचं कनेक्शन आहे त्याला जिल्हा ग्राहक आयोगात जाता येतं, मुदत दोन वर्षं. वाटसरू असेल तर दिवाणी कोर्ट, आणि तिथे एका वर्षाच्या आत दावा टाकाच, मुदत कायद्यातल्या अनुच्छेद 72 वरून उशिराचा वाद घातला जातो. माणूस गेलाच असेल तर वारसांना दोन वर्षं. खांब महापालिकेच्या स्ट्रीट लाइटचा निघाला, जळगाव-धुळ्यात असं होऊ शकतं, तर आधी महापालिकेला महिन्याची नोटीस आणि सहा महिन्यांत दावा, त्यामुळे खांब कोणाचा हे पहिल्या आठवड्यातच विचारून घ्या. वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरण किंवा त्यांची 15100 ही हेल्पलाइन, बाई, लहान मूल, एससी-एसटी यांना उत्पन्न न बघता फुकट वकील मिळतो. तिथेच स्थायी लोकअदालतीचंही विचारा, वीजपुरवठा तिच्या कक्षेत येतो, कोर्ट फी नाही, फक्त आधी दुसरीकडे केस टाकलेली नको.

बैल किंवा म्हैस गेली तरी मार्ग जवळपास हाच, फक्त पुरायच्या आधी पशुवैद्यकीय अधिकाऱ्याकडून पोस्टमॉर्टम करून घ्या.