शेजाऱ्याच्या त्रासाची तक्रार: आधी दार ओळखा

वरच्या मजल्यावर रोज मध्यरात्रीपर्यंत स्पीकर, नाहीतर सामाईक भिंतीतून झिरपणारं पाणी. कायदा याला ‘उपद्रव’ म्हणतो. वैतागलेला माणूस पोलीस ठाणं गाठतो, ‘हे दिवाणी प्रकरण आहे’ असं ऐकून परत येतो आणि पुढची कित्येक वर्षं सोसत राहतो. याचं मला फार वाईट वाटतं, कारण भारतीय कायद्यात अशा त्रासावर उपाय आहेत; फक्त प्रत्येकाचं दार वेगळं आहे.

धमकी, मारहाण, तोडफोड झाली तर पोलीस. कुणी अंगावर धावून येत असेल तर विचार करत बसू नका, ११२ लावा. धूर, घाण, आवाज अख्ख्या वस्तीला जाचत असेल तर तो सार्वजनिक उपद्रव. ओल फक्त तुमच्याच भिंतीला येत असेल तर मात्र दिवाणी न्यायालय.

कुठेही जायचं असो, आधी वही घाला. तारीख, वेळ, काय घडलं, कोणी पाहिलं, हे त्याच दिवशी लिहा. फोटो-व्हिडिओ ज्या फोनवर काढले तो फोन विकू नका. त्यांच्या प्रती कोर्टात देताना भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र, म्हणजे प्रती कोणत्या यंत्रातून कशा काढल्या हे सांगणारं, जोडावं लागतं. मग शेजाऱ्याशी एकदा शांतपणे बोला. नाही ऐकलं तर पत्र द्या आणि पोच जपून ठेवा.

आवाजाची तक्रार आवाज चालू असतानाच करा. २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांत निवासी भागाची मर्यादा दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल आहे. रात्र म्हणजे १० ते सकाळी ६.

ठाण्यात लेखी अर्ज दोन प्रतींत न्या आणि आपल्या प्रतीवर शिक्का घ्या. बऱ्याचदा नुसती एन.सी., म्हणजे अदखलपात्र नोंद होते. दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय पोलीस तिचा तपास करू शकत नाहीत. तरीही ती घ्याच, पुढे तीच तारखेचा पुरावा ठरते. भांडणं वारंवार होत असतील तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १२६ खाली कारवाई मागा. यालाच लोक ‘चॅप्टर केस’ म्हणतात. कार्यकारी दंडाधिकारी शांतता राखण्याचा बाँड एक वर्षापर्यंत लिहून घेऊ शकतात. तुम्हीही शिवीगाळ केली असेल तर तोच बाँड तुमच्याकडूनही मागितला जाऊ शकतो, म्हणून जिभेला आवर घाला.

सार्वजनिक उपद्रवासाठी याच नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १५२ खाली उपविभागीय दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करा, शक्य तितक्या शेजाऱ्यांच्या सह्या घेऊन. उपद्रव मुदतीत काढा, नाहीतर हरकत सांगा, असा आदेश ते देऊ शकतात.

दिवाणी दाव्यात मागायचा तो मनाई हुकूम, म्हणजे त्रास थांबवण्याचा कोर्टाचा आदेश. दावा चालेपर्यंत तात्पुरता हुकूमही मागता येतो. ओल किंवा अतिक्रमण असेल तर प्रत्यक्ष पाहणीसाठी कोर्ट कमिशनर नेमण्याचा अर्ज आवर्जून करा. दोन्ही बाजूंच्या शपथपत्रांपेक्षा त्रयस्थ माणसाने पाहून लिहिलेला अहवाल जास्त बोलतो. तात्पुरता हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होऊ शकते, ३ महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते. उशीर मात्र महागात पडतो. २० वर्षं अखंड मिळालेल्या उजेड-वाऱ्याचा हक्क सांगायचा असेल तर अडथळा आल्यापासून २ वर्षांच्या आत दावा लावा.

दाव्याआधी तालुका विधी सेवा समितीकडे लोकअदालतीसाठी अर्ज करून पाहा, असं माझं कळकळीचं सांगणं आहे, कारण निकालानंतरही राहायचं त्याच भिंतीआड असतं. तिथल्या तडजोडीला हुकूमनाम्याचं, म्हणजे दिवाणी कोर्टाच्या निकालाचं, बळ असतं आणि तिच्यावर अपील नसतं. त्यामुळे ‘यापुढे त्रास देणार नाही’ अशा मोघम वाक्यावर सही करू नका. कोणता पाईप बदलायचा, कोणत्या तारखेपर्यंत, खर्च कोण करणार, हे तडजोडीत लिहून घ्या.