कयाक शिकायचीय? मग लाटेआधी एडी लाइन

राफ्टिंग करून आलेल्या माणसाला कयाक, म्हणजे एकट्याने बसून वल्हवायची चिंचोळी होडी, सोपी वाटते. राफ्टमध्ये सात-आठ जण, मागे गाइड, तो ओरडला की वल्हं मारायचं. पडलेल्यांना वाचवायला बाजूने जाणारा सेफ्टी कयाकवाला मात्र लाटेवर मजेत रेंगाळतो, मधेच उलटा होतो, परत सरळ होतो आणि वर हसतो. ते बघून निम्मी मंडळी परतीच्या गाडीतच ठरवतात की पुढच्या सुट्टीत हे शिकायचं. मीही त्यातलाच. त्यात कोल्हापूरचा, पंचगंगेच्या घाटावरून उड्या मारत वाढलेला, म्हणजे पोहण्याचा माज फुकट मिळालेला. हा माज ऋषिकेशच्या पाण्यात पहिल्याच सकाळी उतरतो. उलट्या बोटीत कमरेखाली अडकलेल्या माणसाला पोहणं येतं की नाही, याची नदीला काहीही पडलेली नसते.

स्प्रे स्कर्ट (बोटीत पाणी शिरू नये म्हणून कमरेभोवती लावायचं आवरण), वेट एक्झिट (उलट्या बोटीतून पाण्याखाली बाहेर पडणं), वल्ह्याची पकड वगैरे तुम्ही पाहिलं-वाचलं असेलच, म्हणून त्यात शिरत नाही. एवढंच सांगतो: स्कर्ट लावला की तो सोडवायला ओढायचा पुढचा पट्टा बाहेर राहिलाय ना, हे दर वेळी हाताने चाचपा. डोळ्यांनी बघू नका, चाचपा. पट्टा आत राहिला तर उलटं झाल्यावर तो सापडत नाही.

आता मुद्द्याचं. नवखा माणूस लाटेला घाबरतो. ऋषिकेशजवळच्या शिवपुरीच्या खालचे रोलर कोस्टर, गोल्फ कोर्स हे रॅपिड (नदीचे खळाळते, लाटांचे टप्पे) त्याने राफ्टमधून पाहिलेले असतात, त्यामुळे रात्री झोपताना त्याच्या डोळ्यांपुढे लाटा येतात. प्रत्यक्षात पहिल्या काही आठवड्यांत तो ज्या ज्या वेळी उलटा होतो, त्यातल्या बहुतेक वेळा आसपास लाट नसतेच. पाणी सपाट असतं, काठ हाकेच्या अंतरावर असतो, आणि तरी बोट क्षणात पालथी होते. ही जागा म्हणजे एडी लाइन. माझा पहिला हंगाम जवळपास या एका रेषेवरच गेला, म्हणून इथे जरा पाल्हाळ लावणार आहे. ज्यांना घाई आहे त्यांनी तर हे दोनदा वाचा.

नदीत मोठा खडक असला की प्रवाह त्याच्या दोन्ही बाजूंनी निघून जातो आणि खडकामागे पोकळी राहते. ती भरायला खालचं पाणी उलटं, वरच्या, म्हणजे नदी जिकडून येते त्या दिशेला वळतं. ही एडी. काठ जिथे आत वळतो तिथेही ती असते. थांबायला, दम खायला, पुढचं बघायला हीच जागा. पण एडीतलं पाणी वर चाललंय आणि शेजारचा प्रवाह खाली, म्हणजे मधल्या रेषेवर दोन पाणी एकमेकांना घासून जात असतात. कयाकचं नाक प्रवाहात गेलं आणि शेपूट अजून एडीत असलं, तर एकाच बोटीला दोन पाणी दोन दिशांना ओढतात. बोट गर्रकन वळते. इथवर काहीच बिघडत नाही, वळायचंच असतं.

बिघडतं ते आपल्या अंगामुळे. प्रवाह वरून येऊन बोटीच्या कुशीला धडकतो. ती वरच्या बाजूची कड जराही खाली झुकलेली असली, तर पाणी त्या कडेवर चढतं, डेकवर, म्हणजे बोटीच्या पाठीवर, बसतं आणि बोट त्याच बाजूला दाबून पालथी करतं. विचार करायलाही वेळ मिळत नाही. आणि ती कड झुकवतं कोण? तर आपणच. समोरून पाणी येताना दिसलं की माणूस त्याच्याकडे बघतो, जिकडे बघतो तिकडे झुकतो. किंवा खालचा प्रवाह बघून बिचकतो आणि अंग मागे, एडीच्या बाजूला घेतो. दोन्हींचा परिणाम एकच, वरची कड पाण्यात. जमिनीवर आयुष्यभर उपयोगी पडलेली सवय इथे नेमकी उलटी पडते.

उपाय सांगायला सोपा आहे: येणाऱ्या पाण्याला बोटीचा पेंदा दाखवायचा. वरच्या बाजूचा गुडघा डेकखाली दाबून उचलायचा, म्हणजे ती कड वर येते, आणि पाणी गुळगुळीत पेंद्याखालून निघून जातं. वळणावर सायकल आतल्या बाजूला कलते, तसंच. एडीतून प्रवाहात शिरताना बोट खालच्या दिशेला वळते, म्हणून कल खालच्या बाजूला. प्रवाहातून एडीत शिरताना ती वरच्या दिशेला वळते, म्हणून कल वरच्या, एडीच्या बाजूला. नवखे इथेच गोंधळतात. प्रवाहात शिरायला शिकले की तोच कल घेऊन एडीत जातात आणि तिथे पालथे होतात. पाठ करायचंच असेल तर 'वर', 'खाली', 'डावा', 'उजवा' असं करू नका. बोट ज्या बाजूला वळतेय त्या बाजूला कल, एवढंच लक्षात ठेवा.

यात आणखी एक बारकावा आहे, जो मला फार उशिरा कळला. कल कमरेतून आणि गुडघ्यातून द्यायचा, खांद्यातून नाही. खांदा बाहेर टाकला की डोकं बाहेर जातं, डोक्यामागे सगळं वजन जातं, आणि माणूस बरोबर बाजूला झुकूनही पालथा होतो. आपलं नाक नाभीच्या वर राहू द्या, खाली बोट कलू द्या. कोरड्या जमिनीवर, सतरंजीवर बोट ठेवून हे करून बघता येतं. लोक हसतात. हसू द्या.

आणि रेषा ओलांडायची कुठे? खडकाला अगदी लागून. तिथे ती रेषा अरुंद आणि धारदार असते, बघून भीती वाटते, म्हणून नवखा माणूस जरा खाली सरकतो, जिथे ती पसरट आणि मऊ दिसते. मऊ काही नसते ती. खाली रेषा रुंद होते, तिच्यात भोवरे आणि खालून उसळणारं पाणी असतं, आणि त्यात बोट ना इकडे ना तिकडे अशी लटकते. वर, खडकाजवळ, तीन-चार दमदार वल्ही मारून वेग घ्या, बोटीचा प्रवाहाशी कोन साधारण पंचेचाळीस अंश ठेवा आणि रेषा तोडून पलीकडे जा. वेग, कोन, कल. यातल्या दोन गोष्टी जमल्या आणि एक हुकली तरी पालथं व्हायला तेवढं पुरतं. वेगाची बाब तर लोक सगळ्यांत आधी विसरतात, कारण भीती वाटली की हात आपोआप हळू होतात.

इतकं लिहूनही सांगतो, हे वाचून येणार नाही. पण तुम्ही त्याच एका एडीत पुन्हा पुन्हा पालथे होत असाल तर तुमच्यात काही खोट आहे असं समजू नका. सगळे तिथेच पालथे होतात. अनोळखी एडी लाइनकडे जाताना माझ्या पोटात आजही गोळा येतो, फक्त आता हात थांबत नाहीत.

रोलबद्दल, म्हणजे उलटलेली बोट आत बसूनच सरळ करण्याबद्दल, बोलावं लागेल, कारण सगळे तेच विचारतात. 'पाच दिवसांत रोल' ही जाहिरात मला डोक्यात जाते. स्थिर पाण्यात रोल पाच दिवसांत येतोही, नाही असं नाही. पण तिथे तुम्ही ठरवून, श्वास भरून, आवडत्या बाजूला उलटे होता. एडी लाइनवर नदी ठरवते. बोट वरच्या बाजूला पालथी झाली असेल तर त्याच बाजूने उठायचा प्रयत्न म्हणजे प्रवाहाशी कुस्ती. खालच्या बाजूने उठलात तर तोच प्रवाह उचलायला मदत करतो. म्हणून रोल दोन्ही बाजूंनी शिका, निदान दुसऱ्या बाजूची ओळख तरी करून घ्या. डोकं सगळ्यांत शेवटी वर येऊ द्या. श्वासाच्या ओढीने डोकं आधी वर काढलं की बोट परत उलटते. हे तुम्हाला शंभर जण सांगतील आणि तरी तुम्ही डोकं काढालच.

रोल फसला तर बाहेर या, त्यात कसलीही लाज नाही. बाहेर आल्यावर पाठीवर, पाय खालच्या दिशेला आणि पृष्ठभागावर. बोट हाताशी असेल तर धरून ठेवा, तिच्या वरच्या बाजूला राहा. बोट आणि खडक यांच्यामध्ये सापडू नका. आणि वाहत्या पाण्यात उभं राहू नका. हे मी मोठ्या आवाजात सांगतोय असं समजा. कमरेएवढ्या पाण्यात पाय टेकवावेसे वाटतातच, पण दोन दगडांमध्ये पाऊल अडकलं की मागून येणारं पाणी माणसाला पुढे वाकवून दाबून धरतं. पाण्याचा वेग दुप्पट झाला की त्याचा जोर चौपट होतो. तिथे ताकद चालत नाही. काठाजवळ, पाणी गुडघ्याच्या खाली आल्यावरच उठा.

शिकायचं कुठे? ऋषिकेश जवळचं आणि सोयीचं. हंगाम साधारण सप्टेंबरअखेर ते जून, पावसाळ्यात बंद. थंडीत पाणी कमी आणि स्वच्छ, एडी नीट ओळखू येतात, पण गारठा हाडात जातो. उन्हाळ्यात बर्फ वितळलं की पाणी वाढतं आणि ओळखीच्या जागा पुसल्या जातात. वरच्या धरणांमुळे पातळी दिवसातही बदलते, तेव्हा सकाळची एडी दुपारी तशीच असेल असं धरू नका. नेपाळात पोखऱ्याजवळची सेती नदी नवख्यांसाठी मला जास्त आवडते. पाणी गंगेपेक्षा कोमट, रॅपिड सोपे, खाली डोह. गार पाण्यात माणूस घाईने शिकतो, आणि घाईत वाईट सवयी लागतात, असं माझं मत आहे.

गुरूबद्दलही माझं एक हट्टी मत आहे. उत्तम कयाकर उत्तम शिक्षक असेलच असं नाही, बऱ्याचदा नसतो. ज्याला एडी लाइन कधी त्रासदायक वाटलीच नाही, तो तुम्हाला 'बस, लीन करो' यापलीकडे काही सांगू शकत नाही. मला जे काही आलं ते एका नेपाळी दाईमुळे (नेपाळीत दाई म्हणजे थोरला भाऊ). ते दिवसभर एकाच एडीत बसवून ठेवायचे. आत, बाहेर, आत, बाहेर. आमच्या शेजारून दुसऱ्या गटातली मुलं रोज मोठे रॅपिड उतरून, हेल्मेटवरच्या कॅमेऱ्यात व्हिडिओ भरून यायची, आणि मला भयंकर राग यायचा. नंतर लक्षात आलं, ती मुलं शिक्षकाच्या शेपटीमागून खाली वाहत जात होती. शिक्षक पुढून काढला असता तर त्यांना मधे थांबताही आलं नसतं. म्हणून पैसे भरण्याआधी विचारा: एका जागी किती वेळ घालवणार? आणि एका शिक्षकामागे किती विद्यार्थी? चारापेक्षा जास्त सांगितले तर दुसरीकडे बघा.

सामान सेकंडहँड घ्यायला हरकत नाही. बोट, वल्हं, स्कर्ट खुशाल घ्या. हेल्मेट आणि लाइफ जॅकेट मात्र स्वतःचं आणि नवं.

यावर पोट भरतं का, असं विचारणारे बरेच असतात. भरतं, पण भटक्याचं पोट. हिवाळा-उन्हाळा ऋषिकेश, जुलै-ऑगस्टला लडाखमध्ये झांस्कर आणि सिंधू, कोणी पावसाळ्यात केरळात कोळिकोडच्या बाजूला. काम बहुतेक राफ्टबरोबर सेफ्टी कयाकचं. त्यात स्टाइलला किंमत नाही. पडलेल्या माणसापर्यंत कोण आधी पोहोचतं आणि थ्रो बॅग (फेकायची दोरीची पिशवी) कोणाची बरोबर हातात पडते, याला आहे. म्हणून रोलच्या दुसऱ्या कोर्सपेक्षा प्रथमोपचार आणि वाहत्या पाण्यातल्या बचावाचं प्रशिक्षण आधी करा. स्पर्धेकडे ओढा असेल तर कनू स्लालम, म्हणजे वाहत्या पाण्यात टांगलेल्या फाटकांमधून वेळ लावून बोट न्यायचा खेळ, बघा. महेश्वरला, होळकरांच्या महेश्वरला, नर्मदेच्या सहस्रधारेवर २०२३ साली 'खेलो इंडिया'च्या स्लालम स्पर्धा झाल्या. स्लालममध्ये तर सगळा खेळच एडीत जाण्या-येण्याचा.

आता घरच्या नद्या. शिकून आलेल्या पोरांना आपल्या गावच्या नदीत बोट टाकायची हुक्की येते, आणि ती बहुधा नेमकी पुरात येते. कोल्हापूर पद्धतीचे बंधारे तुमच्या नदीवर असतील तर हे करू नका. बोटीतून बंधारा दिसत नाही, पाण्यावर फक्त एक सरळ आडवी रेघ दिसते. खाली पाणी काठापासून काठापर्यंत एकसारखं मागे फिरत असतं. खडकाखालच्या होलमधून, म्हणजे पाणी पडून जिथे मागे फिरतं त्या खळग्यातून, निदान एखाद्या बाजूने निसटता येतं, इथे बाजूच नसते. बर्गे (पाणी अडवायच्या फळ्या) घातलेले असोत की काढलेले, अडकलेली झाडं असतातच, आणि त्यांच्यातून पाणी जातं, माणूस जात नाही. मी पंचगंगेच्या काठचा आहे, राजाराम बंधारा पाण्याखाली गेल्याची बातमी दर पावसाळ्यात वाचतो, आणि त्या दिवसांत बोट घराबाहेर काढत नाही.

सराव हवा असेल तर कोलाडची कुंडलिका आहे. १९२१ साली सेनापती बापटांनी ज्या मुळशी धरणाविरुद्ध सत्याग्रह केला, त्याचंच पाणी भिऱ्याच्या वीजकेंद्रातून उतरून या नदीत येतं, म्हणून भर उन्हाळ्यातही तिथे सकाळी वाहतं पाणी मिळतं. रॅपिड अवघडपणाच्या दुसऱ्या-तिसऱ्या श्रेणीचे, एडी भरपूर. राफ्टची रांग पुढे जाऊ द्या, मग मागून एकेक एडी घेत उतरा, एकटे नको, किमान तिघे. वीजनिर्मिती नसेल त्या दिवशी नदीत नुसते दगड असतात, तेव्हा पाणी सुटणार आहे का, हे आदल्या संध्याकाळी तिथल्या राफ्टवाल्यांना फोन करून विचारा आणि मगच बोट गाडीवर बांधा.